शेवटचा राखणदार : महूचे शंकर लक्ष्मण

(मंडळाच्या गणेशोत्सव व्याख्यानमालेत दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



गणेशोत्सवातले व्याख्यान म्हटले की संतवाङ्मय, शिवचरित्र, नाहीतर मधुमेह आणि आपण, असे विषय आपल्याकडे ठरलेले आहेत. या वर्षी हॉकीवर बोलायचे ठरल्यावर साहजिकच विचारणा झाली, की गणपतीत हॉकी कशाला? त्याचे उत्तर बाप्पांच्याच कथेत आहे. पार्वतीमातेने स्नानाला जाताना बाळाला दाराशी उभे केले आणि सांगितले, कोणालाही आत सोडू नकोस. समोर साक्षात महादेव आले तरी बाळ हटले नाही. म्हणजे आपला बाप्पा हा पहिला गोलरक्षक! किंमत शिराने मोजली, पण दार सोडले नाही. तेव्हा आज एका दार राखणाऱ्या माणसाविषयी बोललो, तर ते बाप्पांना आवडेलच.

हा माणूस आपल्याच प्रदेशातला, इंदूरजवळच्या महूचा. नाव शंकर लक्ष्मण. भारतीय हॉकी संघाचे गोलरक्षक. १९५६, १९६० आणि १९६४ अशा लागोपाठ तीन ऑलिंपिकचे अंतिम सामने ते खेळले. तिन्ही वेळा समोर पाकिस्तान. प्रत्येक सामना ७० मिनिटांचा, म्हणजे एकूण २१० मिनिटे. एवढ्या वेळात त्यांच्यामागच्या जाळीत चेंडू किती वेळा गेला असेल? फक्त एकदा. ऑलिंपिकची दोन सुवर्णपदके, एक रौप्य. आता मनाशी प्रामाणिकपणे सांगा, आपल्यापैकी किती घरांतल्या मुलांना हे नाव ठाऊक आहे? ध्यानचंद सर्वांना माहीत आहेत, आणि ते असायलाच हवेत. पण गोल करणाऱ्याचे नाव राहते आणि गोल अडवणारा विसरला जातो, असे का होते, हा माझ्या आजच्या बोलण्याचा विषय आहे.

शंकर लक्ष्मण यांचा जन्म ७ जुलै १९३३ चा. महू ही जुनी लष्करी छावणी. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचे जन्मगाव म्हणून आपण ते ओळखतो. पण हॉकीच्या नकाशावरही या गावाचे स्थान मोठे आहे. १९४८ साली लंडनला स्वतंत्र भारताने पहिले ऑलिंपिक सुवर्ण जिंकले, त्या संघाचे कर्णधार किशनलाल हेही महूचेच. शंकर मात्र लहानपणी फुटबॉल खेळत. १९४७ साली, चौदाव्या वर्षी, ते सैन्याच्या बँडमध्ये भरती झाले. हॉकीची काठी हातात आली ती सैन्यात गेल्यावर. हॉकीत चेंडू पायाने मारण्याची मुभा एकट्या गोलरक्षकालाच असते, तीसुद्धा फक्त गोलासमोरच्या ‘डी’मध्ये. त्यामुळे फुटबॉलवर तयार झालेले पाय फुकट गेले नाहीत, असे म्हणायला हरकत नाही.

आणि त्यांची पलटण कोणती? मराठा लाइट इन्फंट्री. छत्रपती शिवाजी महाराजांच्या जयजयकाराने शत्रूवर तुटून पडणारी आपली पलटण! तेव्हा माणूस महूचा, गणवेश मराठा पलटणीचा, आणि आपण मध्य प्रदेशातले मराठी. त्यांच्यावर आपला दुहेरी हक्क आहे, असे मी समजतो.

आता १९५६ सालाकडे येऊ. या सभागृहातील अनेक घराण्यांच्या इतिहासात हे साल आहे. १ नोव्हेंबर १९५६ ला नवा मध्य प्रदेश झाला, भोपाळ राजधानी ठरली, आणि नागपूरच्या सचिवालयातली कितीतरी मराठी कुटुंबे ट्रंका, वळकट्या आणि देव्हारे घेऊन इथे आली. ग्वाल्हेर-इंदूरकडूनही आली. नव्या गावात क्वार्टर मिळते की नाही, मुलांना मराठी शाळा मिळते की नाही, या विवंचनेत आपले आजी-आजोबा होते, तेव्हा राज्याला जेमतेम पाच आठवडे झाले होते. त्याच सुमारास, ६ डिसेंबरला, तिकडे मेलबर्नमध्ये या नव्या राज्याचा एक तेवीस वर्षांचा जवान ऑलिंपिकच्या अंतिम सामन्यात गोलासमोर उभा होता.

त्या स्पर्धेत भारताने पाच सामन्यांत ३८ गोल केले आणि भारतावर एकही गोल झाला नाही. अफगाणिस्तानवर १४, अमेरिकेवर १६, सिंगापूरवर ६. हे आकडे वाचायला गमतीचे वाटतात. पण उपांत्य सामना जर्मनीशी, तो १-० असा सुटला. अंतिम सामना पाकिस्तानशी, तोही १-०. कर्णधार बलबीर सिंग हाताचे बोट मोडलेले असताना खेळले. गोल रणधीर सिंग जेंटल यांनी केला. दुसऱ्या दिवशी सगळीकडे ही दोन नावे असणार, हे ओघानेच आले. पण सामना १-० ने जिंकला याचा अर्थ नीट पाहा. त्यातला ‘एक’ जेंटल यांचा आणि ‘शून्य’ हे बचावफळीचे आणि गोलरक्षकाचे. आपण एक मोजतो. शून्य मोजायची आपल्याला सवय नाही.

मी शासकीय नोकरीत आहे, आणि तिथेही हेच पाहतो. नळाला वेळेवर पाणी आले, तर कोणी ऑफिसला फोन करून कौतुक करत नाही. एक दिवस आले नाही की दहा फोन. घरातल्या बाईचेही तसेच. वरणात मीठ बरोबर असले तर त्याचा उल्लेख होत नाही. राखण्याचे काम असेच आहे. ते नीट झाले तर दिसत नाही, चुकले तरच दिसते.

१९६० साली रोममध्ये हेच झाले. १९२८ पासून भारताने लागोपाठ सहा ऑलिंपिक सुवर्णपदके जिंकली होती. रोमच्या अंतिम सामन्यात पाकिस्तानच्या नसीर बुंदा यांनी एक गोल केला आणि आपण ०-१ ने हरलो. मघाशी म्हटले तो २१० मिनिटांतला एकमेव गोल हाच. आपल्या आघाडीच्या खेळाडूंना त्या दिवशी एकही गोल करता आला नाही, पण हरण्याचे ओझे नेहमी शेवटच्या माणसाच्या खांद्यावर येते. आघाडीचा खेळाडू चुकला तर त्याच्यामागे आणखी दहा जण असतात. गोलरक्षकाच्या मागे फक्त जाळी असते.

तरुण मंडळींसाठी एक गोष्ट सांगायला हवी. आजचा हॉकीचा गोलरक्षक हेल्मेट, छातीचे कवच, जाडजूड पॅड अशा सगळ्या बंदोबस्तात असतो. त्या काळी पायांना पॅड, बुटांवर किकर आणि हातात मोजे, एवढाच सरंजाम. तोंड उघडे, छाती उघडी. चेंडू मात्र तोच, क्रिकेटच्या चेंडूसारखा कडक, साधारण १६० ग्रॅम वजनाचा. राखायचे दार बारा फूट रुंद आणि सात फूट उंच. पेनल्टी कॉर्नरला जेमतेम सोळा यार्डांवरून सणसणीत फटका येणार. मैदान गवताचे, तेव्हा चेंडू मध्येच उसळून कुठे जाईल याचा नेम नाही. ऑलिंपिकमध्ये कृत्रिम मैदान आले ते १९७६ ला. अशा वेळी डोळे न मिटता उभे राहायचे, हीच पहिली परीक्षा.

रोमनंतर चार वर्षांनी, २३ ऑक्टोबर १९६४ ला, तोक्योमध्ये पुन्हा अंतिम सामना आणि पुन्हा पाकिस्तान. चरणजित सिंग कर्णधार. बचावफळीत पृथीपाल सिंग यांच्यासारखा खंदा फुलबॅक. उत्तरार्धात पृथीपाल यांचा पेनल्टी कॉर्नरचा फटका गोलात जाताना पाकिस्तानच्या मुनीर दार यांच्या पायाला लागला. पेनल्टी स्ट्रोक मिळाला आणि मोहिंदर लाल यांनी गोल केला. पुढचा सगळा वेळ म्हणजे आपली घोडखिंड होती. पाकिस्तानचे हल्ल्यावर हल्ले, आणि समोर मराठा पलटणीचा हा जवान. विशाळगडावरून तोफांचे बार होईपर्यंत बाजीप्रभूंनी खिंड लढवली, तशी शंकर लक्ष्मण यांनी पंचांची शिट्टी होईपर्यंत लढवली. चेंडू आत गेला नाही. सुवर्णपदक परत आले. त्याच वर्षी त्यांना अर्जुन पुरस्कार मिळाला.

१९६६ च्या बँकॉक आशियाई स्पर्धेसाठी त्यांना संघाचे कर्णधार केले. गोलरक्षकाला कर्णधार करण्याची रीत त्या काळी नव्हती. या आधीच्या दोन्ही आशियाई स्पर्धांत, १९५८ आणि १९६२ साली, भारत रौप्यावर थांबला होता आणि त्या दोन्ही संघांत शंकर लक्ष्मण होते. बँकॉकला अंतिम सामन्यात पुन्हा पाकिस्तान आणि पुन्हा १-०. आशियाई स्पर्धेतले भारतीय हॉकीचे ते पहिले सुवर्ण. १९६७ ला त्यांना पद्मश्री मिळाली.

१९६८ च्या मेक्सिको ऑलिंपिकसाठी त्यांची निवड झाली नाही. त्यांनी हॉकी सोडली. मेक्सिकोत भारत पहिल्यांदाच अंतिम सामन्यापर्यंत पोचला नाही आणि कांस्यपदकावर समाधान मानावे लागले. ते असते तर काय झाले असते, या चर्चेत मी जात नाही. १९७९ साली ते सैन्यातून कॅप्टन म्हणून निवृत्त झाले आणि महूला परतले.

पुढचा भाग सांगायला जड जातो, पण सांगितला पाहिजे. त्यांची अखेरची वर्षे हलाखीची गेली. पायाला गँगरीन झाले. ज्या पायांनी देशाचे दार राखले, त्याच पायांचे हे दुखणे. २९ एप्रिल २००६ ला महूला त्यांचे निधन झाले. त्या वेळी वर्तमानपत्रांतून हळहळ व्यक्त झाली. पण महू इथून किती लांब आहे? जेमतेम दोनशे किलोमीटर. इंदूरला लग्नाकार्याला आपण कितीदा जातो! हा माणूस हयात असताना अशा उत्सवात पाहुणा म्हणून आला असता, तर आपल्या मुलांनी त्याचे हात हातात घेतले असते.

भोपाळच्या मंडळींना इथे आपले अस्लम शेर खान आठवतील. १९३६ च्या बर्लिन ऑलिंपिकचे सुवर्णपदक विजेते अहमद शेर खान यांचे हे चिरंजीव, आणि तेही बचावफळीचे, फुलबॅक. १९७५ च्या विश्वचषकात क्वालालंपूरला मलेशियाविरुद्धच्या उपांत्य सामन्यात भारत १-२ असा मागे होता. सामना संपत आलेला. मायकेल किंडो यांच्या जागी अस्लम यांना मैदानात उतरवले. पेनल्टी कॉर्नर मिळाला. अस्लम यांनी गळ्यातल्या ताईताचे चुंबन घेतले आणि बरोबरीचा गोल केला. जादा वेळेत हरचरण सिंग यांनी विजयी गोल केला, आणि पुढे अंतिम सामन्यात पाकिस्तानला २-१ ने हरवून भारत विश्वविजेता झाला. हा प्रसंग भोपाळमध्ये अजून सांगितला जातो. आनंदच आहे. पण गंमत बघा, बचाव करणाऱ्या खेळाडूलाही आपण लक्षात ठेवतो ते त्याने गोल केला म्हणून!

चित्र थोडे बदलते आहे, हेही सांगायला हवे. ५ ऑगस्ट २०२१ ला तोक्योमध्ये जर्मनीविरुद्ध ५-४ अशी आघाडी असताना शेवटच्या काही सेकंदांत पेनल्टी कॉर्नर आला. श्रीजेश यांनी तो अडवला आणि ४१ वर्षांनी हॉकीचे ऑलिंपिक पदक मिळाले. त्यानंतर ते गोलाच्या खांबावर चढून बसले, ते छायाचित्र घराघरांत पोचले. त्याच संघात आपल्या इटारसीजवळचा विवेक सागर होता. आज गोलरक्षकाचे नाव मुलांच्या तोंडी आहे. मग त्याच तोक्योत ५७ वर्षांपूर्वी एक शून्य राखणाऱ्या आपल्या महूच्या माणसाचे नाव का नसावे?

म्हणून मंडळाला माझी एक विनंती आहे. उत्सवात आपण मुलांच्या क्रीडास्पर्धा घेतो, बक्षिसे देतो. धावण्यात पहिला, उडीत पहिला. त्यात एक बक्षीस अडवणाऱ्यासाठी ठेवावे. कबड्डीत उत्तम पकड करणारा, खो-खोत जास्तीत जास्त वेळ बाद न होणारा, क्रिकेटमध्ये यष्टी राखणारा, असा एकजण दरवर्षी निवडावा आणि त्या बक्षिसाला शंकर लक्ष्मण यांचे नाव द्यावे. खर्च फार नाही, एक ढाल आणि एक नाव. बक्षीस देताना निवेदकाने तीन ओळींत ते कोण होते एवढे सांगावे. दहा वर्षांत दहा मुले आणि त्यांचे आई-बाप ते नाव विसरणार नाहीत.

आणि दुसरी गोष्ट घरातली. आपल्यापैकी प्रत्येकाच्या घरात, ऑफिसात, मंडळातही एखादा शंकर लक्ष्मण असतो. मांडव उतरेपर्यंत रात्री जागणारा, हिशेबाची वही जुळवणारा, सत्काराच्या वेळी मागे उभा राहणारा. काही बिघडले नाही याचे कारण तो असतो. त्याला या वर्षी विसर्जनाच्या आधी एकदा नावाने हाक मारून पुढे बोलवा, एवढेच मागणे आहे.



गणपती बाप्पा मोरया!