श्रीगोंद्याचे शेख महंमद

दौंडहून मनमाडकडे निघालेली गाडी भीमेचा पूल ओलांडते आणि काही वेळात श्रीगोंदा रोड स्टेशन येते. शिरूरहून निघालात तर वाटेत घोडनदी लागते. या दोन नद्यांच्या पलीकडे, श्रीगोंद्यात, सतराव्या शतकात एक मुसलमान संत कीर्तन करीत. त्यांचे नाव शेख महंमद.

वडील राजे महंमद, आई फुलाई, गुरू चांद बोधले. हेच चांद बोधले जनार्दनस्वामींचेही गुरू, असे परंपरा सांगते. म्हणजे जनार्दनस्वामींचे शिष्य एकनाथ आणि आपले शेख एकाच घरचे. शिवाजी महाराजांचे आजोबा मालोजीराजे यांनी शेखांना श्रीगोंद्यात मठ बांधून दिला, असेही सांगतात.

शेखांचा मोठा ग्रंथ ‘योगसंग्राम’, १६४५ सालचा. प्रसंग १८, रचना ओवीबद्ध. त्यातली लढाई मनातल्या काम, क्रोध, लोभ यांच्याशी. भोंदू गुरू, जातीचा ताठा, देवापुढे दिलेला बळी, सगळ्यांवर शेख कडक बोलतात. स्वतःला मात्र ‘अविंध’ म्हणवतात. अविंध म्हणजे ज्याचे कान टोचलेले नाहीत तो, मुसलमान. लोकांनी हिणवण्याआधीच त्यांनी तो शब्द आपल्या नावाला लावून घेतला.

त्याच काळात तिकडे व्हेनिसमध्ये लिओन मोदेना (१५७१-१६४८) नावाचे ज्यू धर्मगुरू होते. ज्यूंची वस्ती वेगळी, रात्री तिच्या वेशीला कुलूप. धर्मग्रंथ हिब्रूत, पण मोदेना प्रवचन देत ते इटालियनमध्ये. ऐकायला ख्रिस्ती पाद्रीसुद्धा येत. प्रवचनांचे पुस्तक मात्र त्यांनी १६०२ मध्ये हिब्रूत छापले. ज्या भाषेत माणूस हसतो-रडतो, त्याच भाषेत उपदेश पोचतो, हे दोघांनीही ओळखले होते. आपले शेख ज्या भाषेत बोलले, त्याच भाषेत त्यांनी लिहिलेही.

हे आज का सांगतो? कविसंमेलन संपले की कुणीतरी कौतुकाने जवळ येते. “तुमचं मराठी किती छान! कुठे शिकलात?” दुखवण्याचा हेतू नसतो, हे मला कळते. पण शिरूरच्या शाळेत माझ्या बाकावर बसणाऱ्या मित्राला हा प्रश्न कुणी विचारत नाही. आमच्या आजीने जात्यावर ओव्या म्हटल्या. त्या तिला कुणी वर्गात बसवून शिकवल्या नव्हत्या.

शेखांना तर लोकांनी कबीराचा अवतार म्हटले. देहूत तुकोबांच्या कीर्तनाचा मंडप पेटला आणि शेखांनी तो इकडे श्रीगोंद्यात बसून विझवला, अशी कथा आहे. तिची खरी-खोटी करत बसू नये. तुकोबांचा मंडप एका अविंधाच्या हातांनी वाचला, असे मानणारी माणसे आपल्याच मुलखातली होती. मला त्यांचा मोठा आधार वाटतो.