न झालेली दंगल



जिवा महाला आणि कान्होजी जेधे यांच्या समाध्या ज्या आंबवडे गावात आहेत, तिथे ‘होता जिवा म्हणून वाचला शिवा’ ही म्हण बाहेरच्याने सांगू नये. पण जिवासारख्या वार अडवणाऱ्याचे नाव असे लोकांच्या तोंडी राहणे विरळाच. कोण मेले, कोणी मारले याचे पंचनामे होतात; टळलेल्या मरणाचा पंचनामा कोण करणार?

आज बोलायचे आहे ते अशीच मरणे टाळणाऱ्या सुरेश खोपडे यांच्याविषयी. मानवी हक्कांचे काम म्हटले की आपल्याला झोळीवाला कार्यकर्ता आठवतो. हे तर पोलीस अधिकारी होते. असो.

त्यांचे काम भिवंडीतले. 7 मे 1970 रोजी शिवजयंतीच्या मिरवणुकीत ही भिवंडी दंगलीने पेटली. लोण जळगावला गेले, महाडला गेले. महाड म्हणजे तुमचा वरंध घाट उतरला की आलेच! न्यायमूर्ती मादन आयोगाने या तिन्ही ठिकाणची चौकशी केली, जाडजूड अहवाल दिला. तो कपाटात गेला आणि मे 1984 मध्ये भिवंडी पुन्हा पेटली.

1988 मध्ये खोपडे तिथे पोलीस उपायुक्त म्हणून आले. शांतता समित्या तेव्हाही होत्याच. त्यांत बसायचे पुढारी, आणि बैठक व्हायची सणाच्या तोंडावर, नाहीतर पेटल्यानंतर. चहा, एकीची भाषणे, फोटो, झाले. खोपड्यांनी वस्तीवस्तीत मोहल्ला कमिट्या उभ्या केल्या, सुमारे 70. हिंदू-मुस्लिम दोन्ही धर्मांची, रोज एकमेकांच्या संपर्कात येणारी साधी माणसे त्यांत घेतली. काही घडलेले नसतानाही बैठका होत राहिल्या आणि त्या भागातला साधा पोलीस शिपाई त्यांत जबाबदारीने बसू लागला. माझ्या मते सगळी गोम इथेच आहे. दंगल धर्मग्रंथावरून क्वचितच सुरू होते. नळावरचे भांडण, लाऊडस्पीकर, पोरांची मारामारी एवढ्यावरून ठिणगी पडते, मग अफवा येते. ‘पलीकडे आपल्या माणसाला मारले’ असे कानावर आले, की पलीकडे जाऊन विचारता येईल असा एक तरी ओळखीचा माणूस लागतो. ती ओळख दंगलीच्या रात्री करून घेता येत नाही.

डिसेंबर 1992 मध्ये बाबरी मशीद पाडली गेली. खोपडे तोवर बदलून गेले होते. त्यांच्या जागी आलेल्या गुलाबराव पोळांनी कमिट्या चालू ठेवल्या होत्या. श्रीकृष्ण आयोगाच्या हिशेबाने मुंबईत त्या डिसेंबर-जानेवारीच्या दंगलींत 900 माणसे मेली. मुंबईच्या उंबऱ्यावरची, दोनदा जळलेली भिवंडी मात्र शांत राहिली.

इथे टाळ्या वाजवून उठू नका. जुलै 2006 मध्ये पोलीस ठाण्याच्या बांधकामावरून त्याच भिवंडीत रक्त सांडले. दोन पोलीसही मारले गेले. एका अधिकाऱ्याच्या हौसेवर उभे राहिलेले काम त्याच्यामागे कोणी नेटाने चालवले नाही, तर ते टिकत नाही. अशा कामाला ना सत्कार, ना बातमी, म्हणून ते प्रत्येक नव्या साहेबाला फालतू वाटते.

आपल्याकडेही 2007 मध्ये तंटामुक्त गाव मोहीम सुरू झाली. गावोगाव समित्या झाल्या, बक्षिसे वाटली गेली. तुमच्या समितीत कोण आहे, सगळ्या वाड्यांतली माणसे आहेत का आणि शेवटची बैठक कधी झाली, हे येत्या ग्रामसभेत विचारा.