कण्याचा बाक आणि कागदावरचे नाव
(मंडळाच्या वर्धापनदिनी केलेले भाषण)



आरोग्यावर चार शब्द बोल, अशी मंडळाची आज्ञा झाली. मी काही डॉक्टरीणबाई नव्हे. नांदेडच्या एका इस्पितळात रुग्णांचे कागद लावून त्यांवर रोगाचा क्रमांक घालणे, एवढेच माझे काम. तेव्हा कागदाचीच गोष्ट सांगते.

लातूरला माझी बहीण असते. तिच्या बारा वर्षांच्या मुलीच्या शाळेच्या कुडत्याची एक बाजू नेहमी वर चढलेली दिसे. बहिणीने आधी शिंप्याला दोष दिला, मग मुलीला. "पोक काढू नकोस," हा दिवसभर घोष! पाठ अवघडते म्हणून दवाखान्यात नेले, तर कागदावर "पाठदुखी" लिहून मलम मिळाले. दीड वर्षाने क्ष-किरणाचे चित्र काढले, तेव्हा कणा बाजूला वळलेला दिसला. बाक ३० अंशांचा. पहिल्या वेळी तो किती होता, हे आता कोण सांगणार? कोणी मोजलाच नव्हता.

तो जुना कागद पाहून माझी मान खाली गेली. "पाठदुखी" लिहिलेल्या कितीतरी कागदांवर एम ५४ हा क्रमांक घालून मीही ते निमूटपणे कपाटात ठेविले आहेत. डॉक्टरांनी लिहिले तेच मी नोंदविणार, हे खरे. पण शंका आली तर विचारायला माझे तोंड कोणी धरले होते?

या क्रमांकांचे मूळ १८९३ सालच्या एका यादीत आहे. झाक बर्तियाँ या फ्रेंच गृहस्थांनी मृत्यूच्या कारणांची ती यादी शिकागोच्या परिषदेत मांडली. पुढे तीत आजारही आले, आणि आता ती जागतिक आरोग्य संघटना सांभाळते. तिच्या दहाव्या आवृत्तीत कण्याच्या बाजूच्या बाकाला एम ४१ म्हणतात. अगदी तान्ह्या वयात, तिसऱ्या वर्षापर्यंत दिसणारा, कारण न कळलेला बाक एम ४१.०, त्यापुढे वयात येईपर्यंतचा एम ४१.१, स्नायू वा मज्जातंतूंच्या दुबळेपणाने आलेला एम ४१.४. मणकेच जन्मतः नीट घडले नसतील, तर क्यू ७६.३. कण्याच्या क्षयाने पाठीला कुबड आले, तर त्याचे घर अगदीच निराळे, ए १८.०, तिथे क्षयाची औषधेच हवीत. नाव चुकले की वाट चुकते, ती अशी.

बहिणीला वाटे, आपलेच काही चुकले. शेजारणी ग्रहणाची आठवण काढीत. भगिनींनो, एम ४१.१ मध्ये कारण अज्ञात असते. दप्तराचे ओझे, पोक किंवा ग्रहण यांनी तो होत नाही. आईला बोल लावू नका.

दहा ते चौदा वर्षांच्या मुलीला न्हाऊ घालताना तळहात जोडून पुढे वाकायला सांगा. पाठीची एक बाजू उंच दिसली, खांदे खालीवर असले, तर डॉक्टरांकडे न्या. दुखत नाही म्हणून थांबू नका; हा बाक बहुधा दुखत नाही. १० अंशांपासून त्याला रोग म्हणतात. वाढत्या वयात तो २५ च्या पुढे गेला, तर ब्रेस नावाचा कडक पट्टा बहुधा देतात. ४५–५० च्या पुढे शस्त्रक्रियेचा विचार होतो. म्हणून "किती अंश?" हे विचारा, कागदावर लिहून घ्या, आणि चित्र जपून ठेवा.

भाची आता पट्टा घालते. कुडते थोडे सैल शिवावे लागते. शिंपी मात्र तोच आहे, बिचारा!