हिरवा आडोसा

घराला आडोसा हवा, हे खरेच. अंगणात खाट टाकून बसले की येणाऱ्या-जाणाऱ्याची नजर का झेलावी? पण त्यासाठी हल्ली आपण पत्रे ठोकतो, भिंत उंच करतो. अशा भिंतीत बुलबुल घरटे कुठे बांधणार?

झाडांच्या कुंपणाला वेळ लागतो, असे लोक म्हणतात. त्यावर उपाय आहे. निर्गुडी, अडुळसा आणि मेंदी लवकर वाढतात. पावसाळ्याच्या तोंडावर त्यांच्या फांद्या जमिनीत खोचल्या की मूळ धरतात. निर्गुडी-अडुळशाला शेळी सहसा तोंड लावत नाही. फूटभर अंतराने दोन ओळी लावाव्यात. मधूनमधून करवंद असावे. ते सावकाश वाढते. पण काटेरी, बारमाही हिरवे, आणि उन्हाळ्यात पाखरांना फळ देणारे. एखादा कढीपत्ताही असू द्या, त्याच्या पानांवर फुलपाखरांच्या अळ्या पोसतात. घाणेरी मात्र झटपट वाढते म्हणून आणू नका. अमेरिका खंडातून आलेल्या या झुडपाने आपली कितीतरी राने व्यापली आहेत.

छाटणीआधी आत डोकावून बघा. घरटे असेल तर पिले उडेपर्यंत कात्री बाजूला ठेवा.

आमच्या कुंपणाची मेंदी ईदला आमच्या घरी वाटली जाते. नागपंचमीला शेजारच्या वहिनी पलीकडूनच पाला खुडतात. एकच आडोसा दोन्ही घरांना पुरतो. पहिला पाऊस झाला की तुम्हीही फांद्या खोचायला घ्या.