कवच कोठे संपते?



वसंत व्याख्यानमालेची परंपरा न्यायमूर्ती रानड्यांनी १८७५ साली पुण्यात सुरू केली. तेव्हापासून गावोगावच्या व्यासपीठांवरून वेदान्तापासून अंदाजपत्रकापर्यंत सर्व विषय बोलून झाले आहेत. आज बोरीवलीकरांसमोर आम्ही पोरांच्या मोबाइलवरच्या लढाया घेऊन उभे आहोत. दाराशी लावलेला फलक वाचून काहींना हसू आले असेल, काहींना थोडा रागही आला असेल. रागाचे कारण आम्हांला ठाऊक आहे. तो राग आमच्याही घरी राहतो. म्हणूनच हा विषय घेतला.

प्रथम एक गोष्ट स्पष्ट करू. जुगाराच्या पैशांचे जे ऑनलाइन खेळ आहेत, त्यांची तरफदारी करायला आम्ही आलेलो नाही. ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने कायदा करून त्यांना मनाई केली, आणि त्याच कायद्याने ई-स्पोर्ट्सना, म्हणजे कौशल्याच्या स्पर्धात्मक खेळांना, वेगळी मान्यता दिली. हे स्पर्धात्मक खेळ आता आडगल्लीत राहिलेले नाहीत. २०२२ साली बर्मिंगहॅम येथे झालेल्या राष्ट्रकुल ई-स्पोर्ट्स स्पर्धेत ‘डोटा’ या खेळात भारतीय संघाने कांस्यपदक मिळवले. २०२३ साली हांगझोऊच्या आशियाई क्रीडास्पर्धेत हे खेळ प्रथमच पदकांसाठी खेळले गेले. तेव्हा तुमच्या-आमच्या घरातले पोर कोपऱ्यात बसून जे करते, त्यात समजून घेण्याजोगे काही आहे की नाही, हे एकदा पाहिले पाहिजे.

त्यातला एकच धागा आज आम्ही धरणार आहोत. या प्रत्येक खेळात बचावाचे काही ना काही साधन असते. कोठे ढाल असते, कोठे चिलखत, कोठे धुराचा पडदा. नवखा खेळाडू ते साधन हाती आले की निर्धास्त होतो आणि मार खाल्ला की त्या साधनाला शिव्या देतो. जाणता खेळाडू मात्र एकच प्रश्न विचारतो : हे कवच संपते कोठे?

हे कवच तीन ठिकाणी संपते.

पहिली मर्यादा प्रकाराची. ‘स्ट्रीट फायटर’ हा दोघांच्या द्वंद्वाचा खेळ १९९१ सालच्या दुसऱ्या भागापासून जगभर गाजला. त्यात कळ मागच्या दिशेला धरून ठेवली की खेळाडू हात आडवे घेऊन वार अडवतो. पोरे याला ‘ब्लॉक’ म्हणतात. नवख्याला वाटते, ही कळ सोडलीच नाही तर आपल्याला कोण मारणार? पण पायाकडे येणारा वार बसूनच अडवावा लागतो, वरून येणारे काही वार उभे राहूनच अडवावे लागतात, आणि प्रतिस्पर्ध्याने जवळ येऊन धरून फेकले, तर ब्लॉकचा काही उपयोग नाही. खेळ रचणाऱ्यांनी ही फट मुद्दाम ठेवली आहे. ती नसती तर दोघेही हात आडवे धरून तासभर उभे राहिले असते.

दुसरी मर्यादा काळाची. ‘डोटा’मध्ये ‘ब्लॅक किंग बार’ नावाची एक वस्तू विकत घेता येते. मुले तिला ‘बीकेबी’ म्हणतात. ती वापरली की काही सेकंद शत्रूचे बहुतेक मंत्र खेळाडूला जखडू शकत नाहीत. साध्या शस्त्राचा मार मात्र त्या वेळातही लागतोच. यातली खरी मेख पुढे आहे. पहिल्यांदा वापराल तेव्हा हे संरक्षण सर्वांत जास्त वेळ टिकते. नंतर प्रत्येक वापरागणिक त्याचा अवधी कमी होत जातो, एका किमान मर्यादेपर्यंत. किरकोळ चकमकीत घाबरून ती खर्च केली, की निर्णायक लढाईच्या वेळी हातात उरते ती तोकडी. हे वाक्य कृपा करून लक्षात ठेवा. शेवटी आपल्याला ते लागणार आहे.

तिसरी मर्यादा मोबदल्याची. बचाव करताना आपण दुसरे काहीतरी गमावत असतो. ‘बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडिया’ हा खेळ आपल्या इमारतींच्या जिन्यांवर सर्रास दिसतो. त्यात उघड्यावर सापडलेला खेळाडू धुराचा गोळा फेकतो आणि धुरात लपतो. शत्रूला तो दिसत नाही, हे खरे. पण त्यालाही शत्रू दिसत नाही. शिवाय, या माळावर कोणीतरी आहे, ही बातमी तो धूरच सर्वांना देतो. इकडे खेळाचे क्षेत्र आकसत असते, त्यामुळे धुरात फार वेळ बसणेही परवडत नाही. धूर हा जागा बदलण्यासाठी असतो, मुक्काम करण्यासाठी नसतो. ‘स्ट्रीट फायटर’च्या २०२३ साली आलेल्या सहाव्या भागात तर ही किंमत पडद्यावरच मांडली आहे. नुसते वार अडवत राहिले, की शक्तीची एक पट्टी झिजत जाते. ती संपली की खेळाडू काही काळ हतबल होतो, आणि मग अडवलेल्या खास वारांनीही त्याचा प्राण थोडाथोडा कमी होतो.

श्रोत्यांतील ज्येष्ठ मंडळी म्हणतील, यात नवीन ते काय? आम्हीही तेच म्हणतो. आपल्या मातीतली कबड्डी पाहा. चढाई करणाऱ्याला तीस सेकंद असतात. बचाव करणाऱ्यांत उतावळा गडी असला, की तो चढाईपटू आत येण्याआधीच हात टाकतो. पकड सुटते, एक गुण जातो आणि गडीही बाद होतो. मुरलेला गडी वाट पाहतो, बाजूच्याचा हात धरून साखळी राखतो आणि चढाईपटूचा तोल पुढे गेला की घोट्याला हात घालतो. आपला हात किती अंतरावर पोहोचतो आणि एकट्याने धरलेला माणूस किती वेळ रोखता येतो, हे त्याला पक्के माहीत असते. तीन किंवा त्याहून कमी गडी उरले असता पकड यशस्वी झाली, तर आधुनिक नियमांत एक गुण जास्त मिळतो. दुबळ्या बचावाचे धाडस किती मोलाचे असते, हे नियम करणाऱ्यांनी ओळखले, म्हणून ही सोय.

आणखी मोठे उदाहरण आपल्या दाराशीच आहे. बोरीवलीहून खाडी ओलांडून गोराईला जावे, तेथून उत्तनच्या पुढे चौकपर्यंत. तेथे धारावीच्या किल्ल्याचे अवशेष आहेत आणि खाडीपलीकडे वसईचा किल्ला दिसतो. त्या काळी आपली ही साष्टी पोर्तुगीजांच्या ताब्यात होती. मंडपेश्वराच्या लेण्यांच्या माथ्यावरचे पडके बांधकाम त्याची साक्ष देते. वसईचा कोट म्हणजे त्यांचे मोठे कवच. बहुतेक बाजूंना पाणी आणि दलदल, वर बुरूज आणि तोफा. समोरून धडक देणाऱ्याला तो भारी होता यात शंका नाही. पण तो कोट पाण्यावाटे येणाऱ्या रसदेवर जगत होता. मराठ्यांनी १७३७ साली ठाणे आणि साष्टी घेतली, अर्नाळा घेतला. १७३९ साली चिमाजी अप्पांनी वसईला वेढा घातला आणि खाडीच्या मुखावरची धारावीही घेतली. त्याच सुमारास गोव्यावरही मराठी फौजांचा दाब होता. तिकडून मदत निघणे कठीण झाले. शेवटी भिंतीखाली सुरुंग लागले, आणि मे १७३९ मध्ये किल्ला शरण आला. या विजयासाठी मराठ्यांची हजारो माणसे पडली, हेही विसरता कामा नये; तट कुचकामी असता तर एवढी किंमत मोजावी लागली नसती. तट मजबूतच होता. पण रसद तुटल्यावर काय, हा प्रश्न तटाच्या कक्षेबाहेरचा होता. मर्यादा म्हणजे दोष नव्हे, हे वसईइतके स्पष्ट कोठे दिसत नाही.

आता आम्ही मूळ मुद्द्यावर येतो. आम्हां वडीलधाऱ्यांच्या हातीही एक कवच आहे. त्याचे नाव ‘बंदी’.

आमच्या घरचीच हकीकत सांगतो. नातू रात्री उशिरापर्यंत खेळत बसतो म्हणून आम्ही त्याचा मोबाइल काढून कपाटात ठेवला. पहिल्या खेपेस आठ दिवस शांततेत गेले. पुस्तक उघडले गेले, जेवायला सगळे एकत्र बसले. आम्हांला आमच्याच शहाणपणाचे कौतुक वाटले. महिन्याभराने पुन्हा तोच उपाय केला. तो चार दिवस टिकला. तिसऱ्या खेपेला त्याच संध्याकाळी तो मित्राच्या मोबाइलवर खेळत होता, आणि घरात अबोला सुरू झाला होता. पुढे एकदा त्यानेच आम्हांला बीकेबीचा नियम समजावून सांगितला. म्हणाला, “आजोबा, दरवेळी वापरलं की पुढच्या वेळी कमी टिकतं.” तो खेळाबद्दल बोलत होता. आमच्या डोळ्यांसमोर कपाट आले.

सरकारच्या बंदीचीही गत फार निराळी नाही. २ सप्टेंबर २०२० रोजी केंद्र सरकारने ११८ ॲप्सवर बंदी घातली. त्यांत ‘पबजी मोबाइल’ होता. जुलै २०२१ मध्ये तोच खेळ बदललेल्या रूपात, नव्या नावाने आला. जुलै २०२२ मध्ये तो पुन्हा हटवला गेला, मे २०२३ मध्ये पुन्हा आला. त्या बंदीमागे देशाच्या सुरक्षिततेची कारणे होती आणि ती आपल्या जागी आहेत. पण आपल्या पोराची झोप सरकारी बंदी सांभाळील, अशी ज्यांनी समजूत करून घेतली होती, त्यांनी कवचाचा प्रकारच ओळखला नव्हता.

मग बंदी घालूच नये काय? असे आम्ही म्हणणार नाही. जागतिक आरोग्य संघटनेच्या रोगवर्गीकरणात २०२२ पासून खेळाच्या विकाराची नोंद आहे. खेळावरचा ताबा सुटणे, बाकी सर्व कामांहून खेळ मोठा होणे आणि नुकसान दिसत असूनही तो चालूच राहणे, ही त्याची खूण आहे. असे दिसले तर वैद्यकीय सल्ला घ्यावा. तेथे कपाटाची किल्ली पुरणार नाही. एरवी, परीक्षा, आजारपण, पैशांचा मोह अशा खऱ्या लढाईसाठी बंदी राखून ठेवावी. रोजच्या किरकोळ चकमकीत ती खर्च करू नये. आणि बंदीच्या अवधीत जागा बदलावी. म्हणजे बोलावे, वेळ ठरवावी, पोराला मैदानावर न्यावे आणि आपणही जावे. धुरात बसून राहिलेला खेळाडू शेवटी धुरातच सापडतो.

आमची शेवटची विनंती साधी आहे. आज घरी गेल्यावर पोराच्या शेजारी दहा मिनिटे बसा आणि त्याला विचारा : “तुझी ही ढाल काय अडवते आणि काय अडवत नाही?” तो उत्तर देऊ शकला, तर समजा की तो विचार करून खेळतो आहे. उत्तर देता आले नाही, तर त्याला शोधायला सांगा. हा प्रश्न त्याच्या अंगवळणी पडला, तर उद्या विम्याचा कागद वाचताना, मोटारसायकलवर हेल्मेट चढवताना, कोणाच्या गोड शब्दावर विसंबताना तो स्वतःला तेच विचारील. आणि तो आपल्याला उलट विचारील, की आजोबा, तुमची ढाल कोठे संपते, तेव्हा रागावू नका. आम्ही रागावलो होतो. त्यात आमचे चार दिवस फुकट गेले.