तटाआधीचा दरवाजा



उमरोळीहून वेरूळ-अजिंठ्याची सहल निघाली की मुक्काम बहुधा औरंगाबादेस, म्हणजे २०२३ पासूनच्या छत्रपती संभाजीनगरात, पडतो. बीबी का मकबरा आणि पाणचक्की आपण पाहताच. या खेपेस भडकल दरवाजाही पाहून या.

दरवाजा म्हटला की तट आलाच, असे आपण समजतो. येथे तसे नाही. दरवाजा बांधला गेला १६१२ साली. शहराला तट घातला औरंगजेबाने, १६८२ च्या सुमारास. मग मधली सत्तर वर्षे हा दरवाजा कशाचे रक्षण करीत होता? कशाचेच नाही! मोगलांवरील विजयाची ती खूण होती. ती उभारणारा निजामशाहीचा पेशवा मलिक अंबर लहानपणी गुलाम म्हणून विकला गेलेला हबशी मुलगा. बगदादच्या मीर कासिम नावाच्या धन्याने त्याला शिकविले, हे पालकांनी विशेष ध्यानात घ्यावे. तलवार नंतर आली. पुढे दख्खनमध्ये त्याला विकत घेतले ते निजामशाहीच्याच चंगीजखान पेशव्याने, आणि हा चंगीजखानही एके काळी गुलामच होता.

१६१० मध्ये अंबरने खडकी गाव वसविले, तेच हे शहर. नहर खोदून त्याने तेथे पाणी आणले. १६१६ मध्ये मोगल फौजेने खडकी जाळली. दरवाजा राहिला.

अंबरची कबर खुलताबादेस, वेरूळच्या वाटेवरच आहे. मास्तरांना सांगून तेथेही थोडे थांबा.