माहीत होतं, की पाहिलंच नव्हतं?

इंग्लंडात प्लिमथच्या एका ट्राम कंपनीने माहितीपत्रकात छापलं, की वाफेवर ट्राम चालवण्याचा हक्क आम्हाला मिळालेला आहे. प्रत्यक्षात मिळाला होता तो घोड्यांच्या ट्रामचा. वाफेसाठी सरकारच्या व्यापार मंडळाची संमती हवी होती. ती काय, मिळेलच, असं संचालक धरून चालले. बहुतेक मार्गावर ती नाकारली गेली आणि कंपनी गुंडाळली गेली. माहितीपत्रकावर विसंबून शेअर घेतलेले सर हेन्री पीक कोर्टात गेले. १८८९ साली हाऊस ऑफ लॉर्ड्‌सने संचालकांना मोकळं सोडलं. खोटं आहे हे ठाऊक असून बोललात, किंवा खऱ्याखोट्याची पर्वाच केली नाहीत, तर ते कपट. मनापासून खरं मानून बोललात तर नाही. मला विचाराल तर संचालक फार स्वस्तात सुटले. पुढच्याच वर्षी तिथल्या संसदेला संचालकांच्या जबाबदारीचा वेगळा कायदा करावा लागला.

आपला करार कायदा या निकालाआधीचा, १८७२चा. त्यात कपटाचं कलम १७. पण हातात पुरेशी माहिती नसताना एखादी गोष्ट ठासून सांगितली आणि ती खोटी निघाली, तर सांगणाऱ्याचा हेतू साफ असला तरी कलम १८ लागतं. फसलेल्याला करार रद्द करता येतो.

मात्र हा हक्क देणाऱ्या कलम १९ला एक अपवाद जोडलाय, आणि खरी गोम तिथेच आहे. समजा, शेत विकणारा म्हणाला, “जमिनीवर कसला बोजा नाही, बिनघोर इसार द्या.” आणि सातबाऱ्यावर ‘इतर हक्क’ या रकान्यात सोसायटीचं कर्ज चढलेलं. त्याला बिचाऱ्याला वडिलांचं कर्ज खरंच ठाऊक नसेल, तर कोर्ट तुम्हालाच विचारेल, साधा सातबारा का नाही पाहिलात? पण ठाऊक असून तो धडधडीत खोटं बोलला असेल, तर “पाहायचं होतंत की” हा बचाव त्याला मिळत नाही. ठाऊक होतं हे शाबित करायचं मात्र तुम्ही. म्हणून ‘बोजा नाही’ हे वाक्य साठेखतात त्याच्या सहीनिशी घ्या.

करार रद्द करण्याच्या दाव्याला मुदत तीन वर्षांची. ती व्यवहाराच्या तारखेपासून नाही, खरा प्रकार तुम्हाला कळला त्या दिवसापासून धरतात.